मामांनी दाखवलेलं रिकामं कोल्हापूर

मी कोल्हापूर पहिल्यांदा बघितलं तेव्हा त्यात माणूस नव्हतं.

नातवंडांना हे सांगितलं की ती हसतात. म्हणतात, "आजी, तू लग्न होऊन इथंच आलीस की! मग गाव बघितलं नव्हतंस व्हय?" अरे माझ्या सोन्यांनो, सुनेला गाव कोण दाखवतंय? नेसरीहून बैलगाडीत बसून आले, गाडीला चारी बाजूंनी कापड गुंडाळलेलं. दारात उतरले, माप ओलांडलं आणि आत गेले ती आतच राहिले. पाणी परसातल्या आडाचं, दळण घरच्या जात्यावरचं, मग बाहेर जायचं कारणच काय? अंबाबाईचं देऊळ तेवढं एकदा बघितलं होतं, तेही भल्या पहाटे, मान खाली घालून. त्या वाटेवर मला दिसल्या त्या आत्याबाईंच्या टाचा.

आत्याबाई म्हणजे माझी सासू. आमच्याकडं सासूला आत्याबाई आणि सासऱ्याला मामा म्हणायची रीत. आणि दुसरी रीत अशी, की सुनेनं सासूशी बोलावं, सासऱ्याशी बोलू नये. मामा समोर आले की पदर पुढं ओढायचा. अगदीच काही सांगायचं असलं तर ते भिंतीला सांगायचं, नाहीतर मांजराला. "मांजरा, ताट वाढलंय बघ," असं मी म्हणायची, आणि मामा हात धुवायला उठायचे. मामाही मांजरालाच म्हणायचे, "आमटीला मीठ कमी हाय गं आज." आमच्या घरातलं सगळ्यात शहाणं जनावर ते. सगळं घर त्याच्याशी बोलायचं.

मामांचं काम गाव दाखवायचं. आईच्या, म्हणजे अंबाबाईच्या दर्शनाला निपाणी-बेळगावाकडनं, घाट चढून कोकणातनं लोक यायचे. मामा वेशीपाशी उभे. गाडी दिसली की आरोळी, "या पावणं! कुठलं गाव?" मग मामा पुढं आणि पावणं मागं. आधी पंचगंगेचा घाट, मग गंगावेस, मग रंकाळा, मग जुना राजवाडा, आणि आई सगळ्यात शेवटी. ही वाट ठरलेली. तीत बदल नाही. "आईला आधी बघितलं की माणसाला दुसरं काय बघू वाटत न्हाई," असं त्यांचं म्हणणं.

आत्याबाई रोज टोमणा मारायच्या. "जगाला गाव दाखवत्यात आन घरची तेवढी चुलीम्होरं. मला एक डाव न्हेलं न्हाई कधी." त्यावर मामा हसायचे. "न्हेतो की. गाव काय पळून जातंय व्हय?"

आणि बघा, गाव पळून गेलं.

गाठीचा ताप आला, पलेग म्हणतात तो. आधी उंदीर पडायला लागले, मग माणसं. गाव मोकळं करायचा महाराजांचा हुकूम सुटला. लोकांनी भांडीकुंडी, शेळ्या-म्हशी घेतल्या आणि वेशीबाहेरच्या माळावर तट्ट्यांच्या झोपड्या घातल्या. आमच्या झोपडीत मामा, आत्याबाई आणि मी. माझे धनी महाराजांच्या पागेत चाकरीला होते. पागा पन्हाळ्याकडं हलवली होती, तिकडं ते घोड्यांबरोबर गेले. घोड्यांना बघायला माणूस होतं, आम्हाला बघायला नव्हतं. तेव्हा राग आला होता, आजही येतो.

एके दिवशी सकाळी आत्याबाई उठल्याच नाहीत. अंग तव्यासारखं तापलेलं. मी पाय चेपायला बसले तर म्हणाल्या, "जांगंला हात लावू नगंस." मला कळलं ते कळलं. झोपड्या तपासत फिरणारी माणसं आली, त्यांनी बघितलं आणि सांगून गेली, "दिवस मावळायला इस्पितळाची गाडी येईल. तयार ठेवा." इस्पितळ म्हणजे माळाच्या पार पलीकडच्या टोकाला तट्ट्यांचाच एक लांब मांडव. घरच्या माणसाला आत सोडत नसत. तिकडं गेलेलं माणूस चालत परत आलेलं आम्ही कुणी बघितलं नव्हतं.

मामा झोपडीचा वासा धरून उभे. मी रडायला लागले.

"रडाय काय झालं? मी अजून मेले न्हाई," आत्याबाई खेकसल्या. तापातही आवाज तोच. मग मला जवळ बोलावलं. म्हणाल्या, "आईची ओटी भरून ये. आन तिच्या पायाचं कुंकू आण. मी पदराला बांधून न्हेनार. तितं सवाष्ण मेली तर मळवट भराय कोण बसलंय? पदराला कुंकू आसलं तर कुणाचा तरी हात लागंल. न्हाईतर तशीच जाईन बग, पांढऱ्या कपाळानं."

एवढंच त्यांना पाहिजे होतं. वाचायचं नव्हतं, औषध नको होतं. गाडी यायच्या आत मूठभर कुंकू.

ओटी पुरुषानं भरायची नसते, सवाष्णच लागते. म्हणून मी. आणि मला वाट माहीत नाही. म्हणून मामा. शेजारच्या झोपडीत नालबंदाची बायको होती, पागेतल्या घोड्यांना नाल मारणाऱ्याची. आम्ही तिला भाबी म्हणायचो. त्या दिवसांत गाठ आलेल्या माणसाच्या सावलीलाही कुणी उभं राहत नव्हतं. ती आपणहून आली. म्हणाली, "मी बसते दाराशी. तू जा बेटी, लवकर ये." मी खण, नारळ, तांदूळ पदरात घेतले आणि निघाले. ऊन चढायच्या आत परत येऊ असं मला वाटत होतं.

रविवार वेशीवर शिपाई होता. मामांना ओळखायचा. "काय हो, आज कुठली पावणं आणलीत?" म्हणाला, मग मामांचं तोंड बघून बाजूला सरकला. "दिवस मावळायच्या आत भायेर या," एवढं सांगून त्यानं सोडलं.

आत शिरलो. दोन्हीकडं दारं, दारांना कुलपं. घरात ऊन पडावं म्हणून छपरांची कौलं उतरवलेली, वरनं वासे दिसत होते. कुणाच्या तरी कट्ट्यावर चुन्याची डबी तशीच पडली होती. रस्त्यावर आमच्या दोघांच्याच पायांचा आवाज. गाव बघायची एवढी हौस होती मला! लग्न ठरलं तेव्हा नेसरीत मैत्रिणींना मिरवून सांगितलं होतं, मी राजाच्या गावात चालले. घ्या, आता बघा.

डाव्या अंगाला देवळाचं शिखर दिसत होतं. अगदी जवळ. मामा उजवीकडं वळले.

मला वाटलं, आतनं वाट असेल. बोलायची सोय नव्हतीच. मी मागं चालत राहिले. चालता चालता नदीच आली. मामा घाटाच्या वरच्या पायरीवर उभे राहिले, घसा खाकरला आणि सुरू झाले.

"ही पंचगंगा, पावणं. पाच नद्या हायती. चार दिसत्यात, पाचवी गुप्त. ती दिसायची न्हाई, ती मानायची."

मी इकडं तिकडं बघितलं. पावणं कुठं होतं? घाटावर चिटपाखरू नव्हतं. मामा नदीकडं तोंड करून बोलत होते, आणि एकेका देवळाचं नाव सांगत होते, आणि मधेच थांबत होते. कुणी काही विचारलं तर उत्तर द्यायला थांबतात तसे. ऊन डोक्यावर आलं ते तिथंच.

अहो, तिकडं बाई तापात पडलीय, तिची गाडी यायचीय! पण सांगणार कसं? इथं भिंती होत्या, पण मामांचं तोंड नदीकडं. मांजर घरी असताना होतं, आता कुठं गेलं कुणास ठाऊक. नशिबानं वेशीपासनं एक कुत्रं आमच्या मागं लागलं होतं, बरगड्या दिसणारं. मी त्यालाच म्हणाले, जरा मोठ्यानं, "कुत्र्या, आत्याबाई वाट बघत असतील रे!"

मामांनी ऐकलं. नक्की ऐकलं. ते कुत्र्याला म्हणाले, "चल गड्या. अजून गंगावेस ऱ्हायली."

तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हा. गंगावेशीला आलो तर तिथंही तेच. "हितं सकाळी म्हशी उभ्या करत्यात. डोळ्याम्होरं पिळायची आन धारोष्ण तांब्या तोंडाला लावायचा, पावणं. आसं दूध तुमच्याकडं न्हाई." म्हस नव्हती, तांब्या नव्हता, सुकलेल्या शेणावर माशासुद्धा नव्हत्या. मी परत कुत्र्याला म्हणाले, "ऊन कलतंय रे." मामा कुत्र्याकडं बघायलाच तयार नाहीत.

मला वाटलं, म्हाताऱ्याच्या डोक्यावर परिणाम झाला. मग वाटलं, पायांना सवय, पाय आपोआप त्या वाटेनं चालतात. मग राग आला, असा राग की पदरातला नारळ तिथंच आपटावा. एकटीनं पळत सुटावं तर कुठल्या गल्लीनं? शिखर आता दिसतही नव्हतं. विचारावं तर कुणाला? सगळ्या गावात दोनच माणसं, आणि त्यातल्या एकाशी बोलायचं नाही. अडला हरी गाढवाचे पाय धरी म्हणतात, मला गाढवाचे पाय धरायचीसुद्धा मुभा नव्हती.

रंकाळा आला. केवढं पाणी! एरवी मी बघतच राहिले असते. मामा काठानं चालत एका देवळापाशी गेले. आत दगडाचा मोठा नंदी.

"ह्यो नंदी," मामा म्हणाले, "रोज गव्हाएवढा म्होरं सरकतोय. आन तांदळाएवढा मागं येतोय. त्यो ज्या दिवशी तळ्याला पोचला त्या दिवशी जग बुडालं समजा."

आणि ते खाली बसले. नंदीच्या पायाशी, आरामात, पागोटं काढून मांडीवर ठेवून. जसा काही सगळा दिवस पडलाय.

सूर्य पाण्याकडं कलला होता. माझा बांध फुटला.

"मामा, चला की! गाडी येईल! आत्याबाई तशाच जातील!"

लग्न झाल्यापासनं मामांशी सरळ बोललेला हा माझा पहिला शब्द. पदर डोक्यावरनं कधी घसरला ते कळलं नव्हतं, तो ओढून घेतला. मामांनी वर बघितलं. रागावले नाहीत.

"म्हणून तर बसलोय," ते म्हणाले.

"म्हंजे?"

"घरचा कर्ता माणूस झोपडीत न्हाई. मग बाईमाणसाला कोण न्हेतंय? इचाराय नगं? गाडी येणार, ते म्हणणार मालक कुठाय. भाबी सांगणार गावात गेलाय. मग ते म्हणणार उद्या येतो. उद्या बी आपण आसंच कायतर काढू." ते माझ्याकडं बघून हळूच हसले. असं हसू मी कुणाच्या तोंडावर परत बघितलं नाही. "मी परत गेलो तर न्हेतील तिला. न्हाईच गेलो तर कशी न्हेतील?"

आता तुम्ही हसाल. पण मला ते पटलं, बरं का. आमच्या नेसरीत पाटलाचा माणूसही बाईशी बोलायचं असलं तर आधी ओसरीवर उभा राहून विचारायचा, "घरात कोण हाय का?" आणि बाई आतनं सांगायची, "कोण न्हाई." घरात स्वतः उभी असून! म्हणजे पुरुष नाही. मग तो माणूस परत जायचा. ही रीत आम्ही जन्मभर बघितलेली. इस्पितळाच्या गाडीला ही रीत माहीत नसेल, हे त्यांच्याही मनात आलं नाही आणि माझ्याही नाही. घटकाभर मला हायसं वाटलं. वाटलं, मामा केवढे हुशार.

पण कुंकू राहिलंच होतं. मी म्हणाले, "ओटी तरी भरून येऊ. त्यांनी सांगितलंय." आता बोलायला लागलेच होते. मामा उठले. जुना राजवाडा त्या दिवशी त्यांनी सोडला. रंकाळ्यावरनं सरळ महाद्वारातनं आत.

देवळात एकच पुजारी होता. मी ओटी भरली. काय मागितलं ते आठवत नाही, नुसतं "आई, आई" म्हटलं असेल. पुजाऱ्यानं पायावरचं कुंकू पळसाच्या पानात बांधून दिलं. मामा गरुड मंडपातल्या खांबाला धरून उभे होते. एवढी वर्षं लोकांना बोटानं आई दाखवली त्यांनी, "ती बगा, मुखावर नजर लावा," म्हणून. त्या दिवशी त्यांनी मान वर केली नाही.

परत आलो तेव्हा दिवस बुडाला नव्हता. शपथेवर सांगते, बुडाला नव्हता! माळावर तांबडं ऊन होतं. लांबनं धूर दिसला. मला वाटलं कुणीतरी चूल पेटवलीय. जवळ गेलो तर आमची झोपडी जळत होती. गाठीचा माणूस निघाला की झोपडी पेटवून द्यायचे, तट्ट्यांना आजार राहतो म्हणून. भाबीनं आमची भांडी आणि देवाची पेटी बाहेर काढून ठेवली होती, आणि त्यांच्या शेजारी ती मातीत बसली होती.

"गाडी लवकर आली," ती म्हणाली.

"मी हितं न्हाई म्हणून सांगायचं की!" मामा ओरडले.

"सांगितलं, मामू. हात जोडून सांगितलं. म्हणाले, त्याची काय गरज न्हाई. दोघांनी उचलली आन न्हेली."

मामा तसेच वळले आणि माळावरनं पळत सुटले. पागोटं पडलं ते उचललंही नाही. कुंकू माझ्या मुठीत होतं, ते द्यायचं भान ना त्यांना राहिलं ना मला. मी मागनं पळाले, हाका मारल्या, मग ठेच लागून पडले. पळसाचं पान मात्र सोडलं नाही.

रात्री ते परत आले. आत सोडलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी कुंकू घेऊन गेले. कुंपणाशी उभ्या असलेल्या माणसानं सांगितलं, मोकळ्या केलेल्या गावातली कुठलीही वस्तू आत घ्यायची नाही. मामांनी त्याच्या पायावर डोकं ठेवलं. तो बिचाराही मागं सरकला, म्हणाला, "मला हात लावू नका हो, माझी बी पोरं हायती." मामा दिवसभर तिथं उभे. असे दोन-तीन दिवस. मग एकदा कुणीतरी आतनं येऊन सांगितलं की आता उभं राहू नका.

मळवट कुणी भरला का, हे आम्हाला कधीच कळलं नाही.

बारावं-तेरावं काय झालं ते त्या माळावरच झालं. त्याच दिवसांत पाणी भरताना भाबीनं मला बाजूला घेतलं. म्हणाली, "त्यांना सांगू नको. पर मी एकटीनं हे घेऊन फिरू शकत न्हाई." आणि तिनं सांगितलं. आत्याबाई दुपारपासनं उठून बसल्या होत्या. पदराचं टोक सोडून मांडीवर पसरून, कुंकू आलं की लगेच बांधायला. गाडी दिसली तेव्हा त्या वाटेकडं बघत म्हणाल्या, "वाट चुकले म्हणावं, तर सारा मुलूख ह्यांच्या मागनं फिरतोय. मुद्दाम रेंगाळल्यात ते. मी जाऊ नये म्हणून. आरं पर मी जाणारच हाय की! जगाला आई दाखवली आन मला तिचं कुंकू मिळू दिलं न्हाई." आणि गाडीत बसवताना पदराचं रिकामं टोक त्यांनी आपल्या हातानं गाठ मारून बांधलं.

पुढं गाव भरलं. कौलं परत चढली, म्हशी परत गंगावेशीला उभ्या राहिल्या. मामा परत वेशीवर जायला लागले. पण पावण्यांना ते आता आधी देवळात न्यायचे. घाट, रंकाळा, सगळं नंतर. बरोबरचे लोक हसायचे, म्हणायचे, म्हाताऱ्यानं वाट उलटी केली. नंदीपाशी मात्र ते कुणाला नेत नसत. कुणी विचारलंच तर लांबनं हात करायचे.

पळसाच्या पानातलं कुंकू मी देवाच्या पेटीत ठेवलं होतं. लावायचं धाडस नव्हतं, टाकायचंही नव्हतं. ते अजून तिथंच आहे, आता त्याची माती झालीय.

बऱ्याच वर्षांनी मामा अंथरुणाला लागले. रंकाळ्यावर बोलले तेवढंच, त्यानंतर आमचं परत भिंतीशी आणि मांजराशीच चाललं होतं. कुणी ठरवलं नव्हतं, आपोआप तसं झालं. एका दुपारी मी पेज घेऊन गेले आणि पाठमोरी होऊन भिंतीला सांगायला लागले, "पेज गरम हाय." मामा म्हणाले, "सूनबाई."

मी वळले. ते सरळ माझ्याकडं बघत होते.

"भाबीनं तुला पाण्यावर कायतरी सांगितलं व्हतं. मी लांबनं बघितलंतं. जाताना काय म्हणाली गं तुझी सासू?"

मी पदर कपाळावरनं खाली ओढला, पार डोळ्यांवर आणला, आणि मान खाली घालून उभी राहिले. सुनेनं सासऱ्याशी बोलायचं नसतं.

मामा बराच वेळ वाट बघत राहिले. मग भिंतीकडं तोंड करून निजले.